किरोस दुसऱ्याची बायको

एकाच आडनावाचे दोघे मैदानात असले की आमच्याकडे वर्तमानपत्रवाले त्यांना आकडे लावत. आमच्या कान्दानेदोच्या फुटबॉल संघात सेनेन आणि बेलार्मिनो हे कोळशाच्या खाणीत राबणारे सख्खे भाऊ आघाडीला खेळत, म्हणून थोरला ‘किरोस पहिला’ आणि धाकटा ‘किरोस दुसरा’. पुढे थोरल्याने खेळ सोडला. धाकटा अशा लांबलांबच्या गावांतून खेळत राहिला की तिथे दुसरा किरोस औषधालाही नव्हता, तरी त्याचा आकडा काही सुटला नाही.

बेलार्मिनोला, घरच्या मिनोला, त्याचं काही वाटत नसे. टोचायचं ते त्याच्या बायकोला, एतेलविनाला. खाटकाच्या दुकानात ती शिरली की बायका एकमेकींना कोपर मारून म्हणत, “सरका गं, दुसऱ्याची बायको आली!” आणि खिदळत. एतेलविनाही हसे. घरी येऊन मात्र मांसाची पुडी ओट्यावर अशी आदळे, की पिंजऱ्यातला पक्षी दचके.

जळायला तिला एक गोल पुरला होता.

तेव्हा तिचं आणि तिच्या होणाऱ्या जावेचं, दोघींचीही लग्नं व्हायची होती. चषकाच्या सामन्यासाठी पहिल्या श्रेणीतला एक मोठा संघ आमच्या खोऱ्यात आला होता. सगळी खाण त्या दिवशी मैदानाच्या कडेला उभी होती. बारीक पाऊस पडत होता, आणि कोळशाच्या चिखलाने बाविसांची तोंडं सारखीच काळी झाली होती. एतेलविना आणि सेनेनची होणारी बायको ओलिवा एका छत्रीखाली उभ्या होत्या. छत्री एतेलविनाची. खेळ संपत आला असताना कॉर्नर मिळाला, चेंडू गोलासमोर आला, दोघे भाऊ एकदमच उडाले, आणि चेंडू जाळ्यात गेला.

“माझ्या सेनेनने मारला!” ओलिवा किंचाळली.

“तुझ्या कुठला? माझ्या मिनोने!” एतेलविना ओरडली. दोघींनी छत्री आपापल्याकडे ओढली आणि तिची एक काडी मोडली.

दुसऱ्या दिवशी पेपरात छापून आलं: गोल, किरोस पहिला. एवढ्या मोठ्या संघाला आमच्या गावाने त्या एका गोलावर हरवलं होतं. त्या उन्हाळ्यात शहरातल्या मोठ्या संघाने सेनेनला बोलावून घेतलं. तिथे तो फार खेळला नाही, दुसऱ्या हिवाळ्यात गुडघा गेला. पण तोवर नाव झालं होतं. नावावर चौकात जागा मिळाली, जागेत सफरचंदाच्या वाइनचं दुकान निघालं, दुकानाला ‘गोल’ असंच नाव पडलं, आणि गल्ल्यामागे ओलिवा बसली ती आजतागायत.

बेलार्मिनोला कुणी बोलावलं नाही. तोच जात राहिला. लुगो, पालेन्सिया, अल्कोय, लिनारेस, कादिस. कधी दुसऱ्या श्रेणीत, बहुतेक वेळा तिसऱ्या. हंगामात आठ-नऊ गोल करी, भांडण करत नसे, दुखण्याचं सोंग करत नसे. त्याच्याबद्दल कुणाची तक्रार नव्हती आणि ‘राहा’ असंही कुणी म्हणत नव्हतं. जून महिन्यात संघाचा अध्यक्ष त्याच्या खांद्यावर हात ठेवी, आणि घरी न सांगताच एतेलविना पलंगाखालची ट्रंक ओढी. भाड्याच्या खोल्या, भिंतीवर घरमालकिणीचे संत, चुलीवर घरमालकिणीची नजर. मुलगी उत्तरेत जन्मली आणि बोलायला दक्षिणेत शिकली, त्यामुळे दोन्हीकडची पोरं तिला हसत. पण कोण जाणे, त्या खोल्यांतच एतेलविना सुखातही होती. परक्या गावात दोघांच्या मधे तिसरं माणूस नसे. संध्याकाळी मिनो पाय गरम पाण्यात बुडवून बसे आणि दिवसभरातलं सगळं तिला सांगे. सगळं सांगतो, असं ती धरून चालली होती.

नाताळला ओलिवाचं पत्र येई. शेवटी नेहमी एकच ओळ: ‘इथे सगळं जिथल्या तिथे आहे.’ ती ओळ वाचली की एतेलविना पत्र ट्रंकेच्या तळाशी सारून देई. तिचं काहीच कधी जिथल्या तिथे नव्हतं.

गुडघे बोलायला लागल्यावर मिनो गावी परतला आणि घरोघर गॅसची सिलिंडरं पोचवायला लागला. ‘गोल’मध्येही पोचवी. भिंतीवर सेनेनचा फोटो, खाली मिनो खांद्यावर नारिंगी सिलिंडर घेऊन उभा, आणि ओलिवा म्हणे, “जपून हो भावजी, फरशी नवी आहे.” हे एतेलविनाने एकदाच पाहिलं. त्यानंतर ती त्या वेळेला दुकानाकडे फिरकली नाही.

अशी सगळ्यांची म्हातारपणं आली. मग गावाच्या संघाने मैदानाला नवं फाटक बांधायचं ठरवलं. त्या गोलाच्या आठवणीची पाटी फाटकावर लावायची होती, त्या वर्षी रविवारी आलेल्या संत बार्बराच्या सणाला, जेव्हा सगळं खाणकामगारांचं गाव एकत्र येतं. आमंत्रण द्यायला ओलिवा स्वतः आली. एतेलविना पांढरे घेवडे निवडत बसली होती.

“निळ्या फरशीची पाटी आहे, जाऊबाई. ‘किरोस पहिला’, ही एवढाली अक्षरं. पुढच्या रांगेत खुर्ची ठेवते तुझी.”

“दुसऱ्या रांगेत ठेव. आम्हाला सवय आहे.”

“झालं हिचं सुरू! अगं, चाळीस वर्षं होऊन गेली.”

“छत्री माझी होती, ओलिवा. मी पाहिलंय.”

“छत्री तुझी होती, पण डोळे माझे चांगले होते. तू तेव्हाही आंधळीच होतीस.” ओलिवाने ताटातला एक घेवडा उचलून पाहिला. “हे कुठून आणलेस? बारीक आहेत.”

ती गेल्यावर एतेलविना परसात गेली. मिनो पक्ष्याचा पिंजरा धूत होता.

“रविवारी तू सगळ्यांसमोर उभा राहून सांगणार आहेस,” ती म्हणाली.

“काय सांगू?”

“गोल तुझा होता म्हणून. एकदा त्या पाटीवर चढलं की संपलं, मिनो. आपण मेल्यावरही तेच राहील. तू नाही बोललास तर मी बोलेन. पाद्रीबाबांच्या हातातून माइक ओढून घेईन, सांगून ठेवते.”

“माझा नव्हता गं.”

“म्हणजे सेनेनचा?”

“त्याचाही नव्हता.” मिनोने पिंजऱ्याची तळपाटी झटकली. “त्यांचा तो टकला सेंटर-हाफ आठवतो? त्याच्या कानाला लागून आत गेला. आम्ही दोघं नुसते हवेत. माझं कोपर सेनेनच्या तोंडात. त्याचा दात हलला तो तेव्हाच.”

एतेलविना तिथल्या उपड्या बादलीवर बसली.

“रेफरीच्या डोळ्यांत चिखल गेलेला. आमच्याजवळ येऊन विचारतो, कुणाचा? टकला कशाला बोलतोय! मी म्हटलं, पहिल्याचा लिहा.”

“तू म्हणालास?”

“सेनेनला खाणीची भीती बसली होती. वरचा थर ढासळला ना, त्या वर्षापासून. रोज सकाळी खाणीच्या दिव्यांच्या खोलीमागे जाऊन ओकायचा, मग तोंड पुसून खाली उतरायचा. मी आड उभा राहायचो, कुणाला दिसू नये म्हणून. बाहेर पडायला त्याला काहीतरी हवं होतं.”

“आणि तुला?”

“मला भीती नव्हती. मला नुसता कंटाळा होता.” तो हसला. “कंटाळ्याला तिसरी श्रेणी पुरते.”

“एवढ्या गावांतून फिरवलंस मला. एकाही खोलीत मला सांगितलं नाहीस?”

“शब्द दिला होता त्याला. ओलिवालासुद्धा माहीत नाही.”

 रविवारपर्यंत ती मिनोशी कामापुरतंच बोलली. ज्या खोल्यांत आपल्या दोघांच्या मधे कुणी नाही असं तिला वाटे, त्या प्रत्येक खोलीत सेनेन बसलेला होता तर. पाय गरम पाण्यात असताना, ट्रंक बांधताना, मुलगी तापाने फणफणलेली असताना. इतकी वर्षं ती जावेवर जळत राहिली, आणि चोरी केली होती दिराने. मिनोचं मन तेवढं आपलं एकटीचं असं तिला वाटे, त्यातलाच वाटा त्याने नेला होता.

पण भांडी घासताना, चादरी वाळत घालताना, मिनोचं शेवटचं वाक्य तिच्या तोंडात पुन्हा पुन्हा येत राहिलं. ओलिवालासुद्धा माहीत नाही. ते तिने गोळीसारखं गालात धरून ठेवलं.

सणाच्या दिवशी फाटकावरचं कापड निघालं. बँड वाजला. सेनेन काठी टेकत उभा होता, डोळे पुसत होता. पुसता पुसता त्याने गर्दीत भावाला शोधलं. मिनोने एक डोळा मिटला. बाकी कुणाला काही दिसलं नाही. एतेलविनाला दिसलं.

माइक समोरच होता. ती पुढच्या रांगेत, मांडीवर पर्स घेऊन, बसूनच राहिली. ओलिवा तिच्याकडे तिरक्या नजरेने बघत होती. तिला भांडण अपेक्षित होतं, आणि तिने त्याची तयारी करून ठेवलेली दिसत होती.

मग सगळे ‘गोल’मध्ये आले. आमच्या खोऱ्यात ओलिवासारखी वाइन कुणी ओतत नाही. बाटली डोक्याच्या वर उंच धरलेली, पेला गुडघ्याशी, आणि नजर समोरच्या भिंतीवर. एक थेंब बाहेर जात नाही. पेला एकच, तो सगळ्यांत फिरतो. ओलिवाने एतेलविनासाठी ओतायला घेतलं.

“काय, जाऊबाई? पाटी पाहिलीस ना? बोल की आता काय बोलायचं ते.”

“काय बोलायचं? सुरेख हेडर होता तुझ्या सेनेनचा.”

बाटली हलली. धार पेला सोडून ओलिवाच्या बुटावर गेली. शेजारचे दोघे-तिघे वळून बघायला लागले, कारण हे असं कुणी कधी पाहिलेलं नव्हतं.

“काय म्हणालीस?”

“मान्य केलं, बाई. गोल त्याचाच.”

“का?” ओलिवाने बाटली गल्ल्यावर ठेवली. “कुणी काय सांगितलं तुला? भावजी काही बोलले?”

“मिनो? तो कधी बोलतो का?”

“मग? आजच एकदम? अगं, तोंड उघड ना!”

“काही नाही गं. डोळे सुधारले माझे.”

एतेलविनाने पेल्यात होतं तेवढं एका दमात प्यायलं. रीतीप्रमाणे तळाशी थोडं ठेवून, जिथे ओठ लागले होते ती कड पुढच्यासाठी धुतली जावी म्हणून तिच्यावरून ते फरशीवर पसरलेल्या लाकडाच्या भुश्यावर ओतून दिलं, आणि पेला ओलिवाच्या हातात परत दिला. ओलिवा तो धरून उभीच राहिली. दुकानाच्या दुसऱ्या टोकाला दोघे भाऊ कशाला तरी हसत होते. ओलिवाने आधी त्यांच्याकडे पाहिलं, मग जावेकडे, मग पुन्हा त्यांच्याकडे.

“एतेलविना,” ती हळूच म्हणाली, “ते दोघं कशाला हसतायत?”

“मला काय माहीत?” एतेलविना म्हणाली. “ओत, ओलिवा. लोक थांबलेत.”