वळण दिसणारी जागा

मित्रांनो, मी एक जुना लाकडी बाक आहे. हल्ली माझ्याशी कोणी बोलत नाही, म्हणून तुम्हाला हाक मारली.

सुताराने मला घडवलं तेव्हा माझा एक पाय बोटभर आखूड राहिला. तळ्याकाठी मला ठेवलं आणि माणसं पुन्हा पुन्हा येऊ लागली. मला वाटायचं, ही सगळी माझ्यासाठीच येतात. मीच स्वतःला हरभऱ्याच्या झाडावर चढवलं होतं!

रोज संध्याकाळी शिंपीकाका दुकान बंद करून यायचे आणि पायवाटेच्या वळणाकडे बघत बसायचे. काकूंना घरातलं आवरून निघायला नेहमी उशीर. वळणावर त्या दिसल्या की काका सरकून जागा करायचे, आणि आखूड पायामुळे मी डुलायचो. अशी वीस वर्षं गेली. मागच्या वर्षी काकू वारल्या. काका मात्र येत राहिले आणि ठरल्या वेळी सरकत राहिले.

तळ्याकाठची बाग राखणाऱ्या माळीदादाचं मन मोठं. काका उतरत्या उन्हात बसतात हे त्याला बघवेना. एके सकाळी त्याने मला पन्नास पावलांवर, मोठ्या झाडाखाली नेलं, पाय सिमेंटात पक्के केले आणि नवा रंग दिला. मीही फुशारलो.

काका आले, बसले, सरकले. मी डुललो नाही. समोर दाट झुडपं होती. थोड्या वेळाने काका उठले आणि जुन्या जागी जाऊन, गुडघे धरत, मातीत बसले. मला फार वाईट वाटलं.

माळीदादा धावत गेला. "काका, सावलीत बाक ठेवलाय ना तुमच्यासाठी!"

"तुझं काही चुकलं नाही रे," काका म्हणाले. "तिथून वळण दिसत नाही."

मला उपटायचं तर पाय मोडले असते. दुसऱ्या दिवशी माळीदादाने जुन्या जागी एक मोठी कुंडी पालथी घातली. आता काका तिच्यावर बसतात. मी इथून बघतो. माझ्यावर पानं पडतात, तीही कोणी झाडत नाही.

मित्रांनो, कुणाचं भलं करायला निघालात, तर आधी त्याच्या शेजारी घडीभर बसा आणि तो कुठे बघतोय ते बघा. मी वीस वर्षं काकांना पाठीवर घेऊन बसलो, पण मलाही ते कळलं नव्हतं.

कुंडीवर एकाच माणसापुरती जागा आहे. तरी काका रोज थोडे सरकतात.