टेकडीवरचं धुकं

आमच्या बेटाचा इतिहास लिहायचं खूळ मास्तरांच्या डोक्यात शिरलं, तेव्हा बेट सोडून आम्हाला अकरा वर्षं झाली होती. वादळांना कंटाळून आलेली आम्ही छत्तीस माणसं आता स्कॉटलंडच्या किनाऱ्यावर, झाडांच्या सावलीत राहत होतो. मला ती झाडं अजूनही आवडत नाहीत.

सोमवारी मास्तर ईफीच्या चुलीपाशी वही उघडून बसले. मीही होतेच.

"फिनलेच्या मृत्यूचं पान आहे, ईफीबाई. वाचू ना?"

"वाचा की! नवरा माझा मेलाय, तुम्ही कशाला घाबरता?"

मास्तर वाचू लागले. पक्षी धरायला काही पुरुष समुद्रातल्या समोरच्या सुळक्यावर जात आणि आठवडाभर तिथेच राहत. कुणाला काही झालं, तर ते उतारावरचं गवत मुळासकट कापून काढत. हिरव्यात काळा चौकोन दिसला की आमच्या बाजूनं होडी निघे. "त्या दिवशी पहाऱ्याच्या टेकडीवर दाट धुकं होतं, त्यामुळे खूण दिसली नाही."

धुकं! ती थाप माझीच. त्या दिवशी पहाऱ्याची पाळी माझी होती आणि चौकोन मला लख्ख दिसला होता. पण लाटा उसळत होत्या, सुकाणू माझ्या नवऱ्याच्या, टॉर्मोडच्या हाती असणार होतं, आणि आदल्या वर्षीच त्या पाण्यानं माझा भाऊ नेला होता. खाली येऊन मी म्हणाले, वर धुकं आहे, काही दिसत नाही. त्या रात्री वादळ आलं. होडी पोचली चौथ्या दिवशी. पाय मोडलेला फिनले तिसऱ्या दिवसापर्यंत तग धरून होता.

"खोडा ते, मास्तर," मी म्हणाले. "धुकं नव्हतं. मी खूण पाहिली होती आणि गप्प बसले. टॉर्मोडला पाठवायचं नव्हतं मला."

ईफी चुलीतली राख सारखी करत राहिली. तिनं शिव्या द्याव्यात, थोबाडीत मारावी, असं मला फार वाटत होतं.

"दर हंगामात तुझ्या वाट्यातले अर्धे पक्षी तू मला आणून द्यायचीस, मार्सली," ती अखेर म्हणाली. "साफ करून, मीठ लावून."

"हो."

"मी गावभर सांगायची, सख्खी बहीण इतकं करणार नाही." तिनं माझ्यासमोरचा चहाचा कप उचलला. तो अजून अर्धा भरलेला होता. "तेवढं तरी माझं राहू द्यायचं होतंस गं."