निळ्या पोपटाची साक्ष

इंग्लंडची राणी ऑस्ट्रेलियात येऊन गेली त्या वर्षीची गोष्ट. पाच मळ्यांना मिळून टेलिफोनची एकच तार. कुणाचीही घंटा वाजली की पाचही घरांत फोन कानाला लागायचे, आणि दुसऱ्या दिवशी विचाराल तर कुणीच काही ऐकलेलं नसायचं. कसली लाज नि कसलं काय!

त्या दुपारी दोन आखूड, एक लांब अशी घंटा वाजली. ती थेल्माची, शेजारच्या मळ्यावरच्या विधवेची. इकडे क्लाइव्हची बायको ऊना हिनं सवयीनं फोन उचलला, बोलायच्या भोंग्यावर हात दाबला, आणि ऐकला तो आपल्याच नवऱ्याचा आवाज. लोकर कातरायच्या शेडमधून क्लाइव्ह थेल्माला लाडात सांगत होता, काल माझं घड्याळ तुझ्या उशाशीच राहिलं. तेवढ्यात तारेवर तिसराच चिरका आवाज आला, "शहाणा माझा क्लाइव्ह!"

हा सासूबाईंचा पोपट. ओढ्यापलीकडच्या छोट्या घरात म्हातारी एकटीच राहायची, आणि नवरा गेल्यापासून त्या मूठभर निळ्या पाखरावर तिचा सगळा जीव. एवढं एकच वाक्य तिनं त्याला शिकवलं होतं. म्हणजे सासूबाईही ऐकत होत्या तर!

डबो गावच्या वकिलानं ऊनाला साफ सांगितलं, की एकट्या बायकोच्या शब्दावर घटस्फोट मिळत नाही. ऐकणारा दुसरा कुणी आणा, नाहीतर निमूट नांदा. घर सोडून गेलात तर मुलगी विसरा. ग्वेनला विसरायचं? ऊना तडक ओढा ओलांडून गेली.

सासूबाईंनी चहा ओतला, लॅमिंग्टन केकची बशी पुढे सरकवली. ऊनाला रडायचं नव्हतं, पण रडलीच.

"आई, ऐकलंत तेवढंच सांगा कोर्टात. माझ्यासाठी नको, ग्वेनसाठी."

"मी काही ऐकलं नाही बाई."

"तुमचा पोपट बोलला तारेवर. मी ओळखला त्याला."

पिंजऱ्यातून पोपटानं नेमकं तेच वाक्य पुन्हा म्हटलं. म्हातारी उठली, पिंजऱ्याचं दार उघडलं. पाखरू रोजच्यासारखं तिच्या बोटावर येऊन बसलं. तिनं त्याच्या डोक्यावरून अंगठा फिरवला, डोळे मिटले, आणि भांडी पुसायचं फडकं पिळावं तसं त्याला मुठीत पिळलं. मग चुलीचं झाकण उचलून ते पाखरू आत टाकलं, एप्रनला हात पुसले आणि ऊनाचा कप पुन्हा भरला.

"कोणता पोपट गं, ऊना?"