वजन कुणाच्या नावावर

उंच इमारती बाहेरून रंगवायला जो लोखंडी कठड्याचा मंच दोरांवर लटकवतात, त्याला रंगारी लोक पाळणा म्हणतात. मोटार चालू केली की तो वर जातो, वारा सुटला की झुलतो, आणि आत दोन बाप्ये उभे असतात. तेव्हा नाव ठेवणाऱ्याला नावं ठेवायला जागा नाही.

कंपनीनं नवा पाळणा आणला त्या सकाळी पिंप आणि काडी नेहमीसारखे त्यात चढले. पिंप हा जोडीतला थोरला. तरुणपणी रंगाचं भरलेलं पिंप एकट्यानं जिन्यावरून वर नेलं म्हणून हे नाव पडलं, असं तो स्वतः सांगे. ऐकणारे त्याच्या कमरेच्या पट्ट्याकडे बघत माना डोलवत. काडी वयानं थोडा लहान आणि इतका किडकिडीत, की पाळण्यात त्याला पट्ट्यानं बांधतात ते नियम म्हणून की उडून जाईल म्हणून, याबद्दल दुमत होतं. वीसेक वर्षं दोघं एकाच कठड्याला टेकून रंगवत आले होते. एकानं डावीकडून सुरुवात करायची, दुसऱ्यानं उजवीकडून, आणि मध्ये दोन हात जिथं भेटतील तिथं जोड दिसता कामा नये. हे एकट्याच्या कसबानं होत नाही. त्याला दोघांचा हात एकमेकांच्या सवयीचा लागतो.

दोन भरलेल्या बादल्या आत ठेवल्या, काडीनं बटण दाबलं, आणि पाळणा वर जायच्या ऐवजी किंचाळला.

जुन्या पाळण्यानं कधी कुणाला वजन विचारलं नव्हतं. नव्याच्या कठड्यावर एक डबी बसवलेली होती. ठरलेल्या वजनापेक्षा जास्त भार झाला की ती बोंब मारायची आणि मोटार अडून बसायची.

"बाळं अंमळ मोठी झाली," खालून कुणीतरी म्हणालं.

काडीनं दोन्ही बादल्या निम्म्या ओतून काढल्या, तेव्हा बोंब थांबली. पण मग दिवसभर रंग संपला की खाली आणि भरला की वर, हाच उद्योग झाला. मुकादम खुर्चीवर बसून ते बघत होता. संध्याकाळी त्यानं पिंपाला बाजूला घेतलं.

"ही इमारत बुटकी आहे, चालवून घेतो. पुढची उंच आहे. तिथं अशा अर्ध्या बादल्यांच्या येरझाऱ्या घातल्यास, तर मालक मलाच दोरावर लटकवेल. तोपर्यंत भरल्या बादल्यांसकट पाळणा उचलला तर ठीक. नाहीतर तू खाली रंग कालवायला. काडीला दुसरा जोडीदार देतो."

"दुसऱ्याचा जोड दिसेल."

"दिसू दे. पाळणा तरी हलेल."

रंग कालवायचं पिंपाला वावडं नव्हतं. पण खाली उभं राहून वर काडीच्या शेजारी दुसऱ्याची पाठ बघायची, ही गोष्ट त्याच्या घशाखाली उतरेना. घशाखाली न उतरलेली ती त्याच्या आयुष्यातली बहुधा पहिलीच.

तो कंपनीच्या दवाखान्यात गेला. डॉक्टरीणबाईंनी दंडाला पट्टा गुंडाळला, बोटातून रक्ताचा थेंब काढला.

"रक्तदाब चढलाय. साखर अजून उंबरठ्यावर आहे, आत आलेली नाही. जिना चढताना धाप लागते?"

"मी पाळण्यानं जातो."

"आता तोही नेत नाही म्हणे," बाई म्हणाल्या. "दुपारी काय खाता?"

पिंप सांगू लागला. लोण्यात परतलेला भात, तळलेले बटाटे, अंडी, जाड कापांचा पाव, पावाला लोणी, शेवटी साखर पेरलेला गोड पाव. बाईंनी मध्येच पेन खाली ठेवलं.

"उपाशी मात्र राहू नका. एक वेळ सोडलीत तर दुसऱ्या वेळी दुप्पट खाल. तळलेलं आणि गोड रोज नको. अर्धा डबा भाज्यांचा असू द्या, डाळी-कडधान्यं वाढवा, आणि घास जरा चावा. पाच मिनिटांत डबा रिकामा केलात तर पोट भरल्याचं तुम्हाला कळायच्या आधीच पोट भरून सांडलेलं असतं. घरी सांगा हे सगळं."

घरी सांगा, एवढ्यावरच तर घोडं अडत होतं. पिंपाची बायको बेकरीवाल्याची लेक. संध्याकाळी माल उरला की बापाचा चेहरा उतरायचा, अशा घरात वाढलेली. नवरा घरी आला की ती डबा हातात घेऊन आधी नुसता तोलायची. हलका लागला की संसार बरा चाललाय. एकदा दाढ दुखत होती म्हणून त्यानं थोडे बटाटे परत आणले, तर ती आठवडाभर विचारत राहिली, "अहो, खरं सांगा, काय चुकलं?" भांडण परवडलं असतं.

तेव्हा पिंपानं बाईंचा अर्धा सल्ला घेतला आणि घरी सांगायचा तेवढा गाळला. दुसऱ्या दिवशी फाटकाजवळच्या भाजीवालीकडून काकड्या, गाजरं, टोमॅटो घेतले, शेजारच्या टपरीवरून उकडलेले चणे आणि अंडं घेतलं, आणि दुपारी आपला डबा काडीपुढे सरकवला. काडी एकटा राहायचा. त्याच्या डब्यात कालचं काहीतरी आणि परवाचा पाव असायचा.

"हे काय, दादा?"

"खा. भरलेला परत नेता येत नाही, आणि अन्न फेकवत नाही. राहिलास तू."

"म्हणजे मी कचऱ्याची टोपली." काडीनं झाकण उघडलं. लोण्याचा वास आला तसा त्याचा अपमान निवळला. "असू दे. जोडीसाठी माणसानं एवढं करावं."

आपला परवाचा पावही त्यानं सोडला नाही. तो लोण्यात बुडवून खाल्ला.

घरी चौकशी व्हायची, म्हणून निघताना पिंप काडीकडून डब्याचा वृत्तांत घेऊ लागला. भात कसा होता, बटाटे कुरकुरीत होते का. काडी जाणकारासारखा डोळे मिटून सांगे, आणि पिंप ते जसंच्या तसं घरी पोहोचवी. इतकी वर्षं जो माणूस "छान" यापलीकडे गेला नाही, तो "आज मीठ किंचित कमी वाटलं" म्हणू लागला, तेव्हा बायको सुखावली. लग्नानंतर इतक्या उशिरा का होईना, नवऱ्याला जीभ फुटली.

आणि वजन खरंच उतरू लागलं. सुरुवातीला दुपारी पोटात खड्डा पडे. मग चण्यांची सवय झाली. पट्ट्याला आतल्या बाजूला नवं भोक पाडावं लागलं. बुटांच्या नाड्या बांधताना श्वास कोंडेना. एकदा तर पाळण्याची वाट न बघता तो गच्चीपर्यंत जिन्यानं गेला आणि वर जाऊन शिट्टी वाजवली.

बायकोच्या हिशेबात मात्र हे बसेना. डबा रिकामा येतो आणि माणूस उतरतो, म्हणजे खाल्लेलं अंगी लागत नाही. तिनं साधा उपाय केला. डब्याला आणखी एक मजला चढवला.

तो मजलाही काडीकडे गेला.

काडीकडे कुणाचं लक्ष नव्हतं. ज्याच्या नावावर लोकांनी जाडी लिहून ठेवली, त्याचीच तपासणी होते. किडकिडीत माणसाचं खातं कोण उघडून बघतो? त्यात तो कामावर रंगानं कडक झालेला ढगळ अंगरखा घालायचा. त्यात आणखी एक काडी मावली असती.

उंच इमारतीचं काम सुरू झालं. पिंप सकाळी दाढी करून आला. दोघं पाळण्यात चढले, काठोकाठ भरलेल्या दोन बादल्या आत आल्या. मुकादमानं स्वतः बटण दाबलं.

पाळण्यानं बोंब ठोकली.

"डबी बिघडलीय," पिंप म्हणाला. "साहेब, मी उतरलोय. पट्टा बघा."

मुकादमानं पट्टा बघितला, माणूस बघितला. खोटं बोलत नव्हता. रंगाचे डबे तोलायचा काटा गोदामातून मागवला आणि पिंपाला त्यावर उभं केलं. विम्याच्या कागदांवर लिहिलेल्या वजनापेक्षा चांगला सहा किलोंनी कमी भरला. कडेला उभ्या असलेल्यांनी टाळ्या वाजवल्या.

"मग हे जातंय कुठे?" मुकादम म्हणाला.

काडी बादलीतला रंग ढवळत होता. ढवळायची काही गरज नव्हती.

"काडी, ये इकडे."

"माझं काय, साहेब. मी आपला—"

"अंगरखा काढ आणि चढ."

अंगरख्याखालच्या सदऱ्याचं पोटावरचं बटण लागलेलं नव्हतं. काटा हलला, थांबला. मुकादमानं चष्मा पुसून पुन्हा वाचलं. त्याच कागदांच्या हिशेबानं काडी तेवढेच सहा किलो वाढला होता.

"माल कुठे गेलेला नाही," मुकादम म्हणाला. "नुसता या गोदामातून त्या गोदामात हलवलाय."

हसणं ओसरायला वेळ लागला. काडी तेवढा हसला नाही. "दादा," तो हळूच म्हणाला, "मलाही हल्ली जेवल्यावर धाप लागते. मला वाटलं, तुझी बघून लागते."

मुकादमानं महिन्याची मुदत दिली. त्यानंतर जोडी तुटणार. तोपर्यंत अर्ध्या बादल्या.

त्या संध्याकाळी बायकोनं डबा हातात घेऊन तोलला, तेव्हा पिंप म्हणाला, "तो मी खाल्लेला नाही. बरेच दिवस खात नाही. काडी खातो."

तिनं डबा ओट्यावर ठेवला. नवरा बोलत राहिला. पाळणा, मुकादम, डॉक्टरीणबाई, उंबरठ्यावरची साखर, सगळं सांगून झालं. ती खुर्चीत बसली.

"म्हणजे मिठाचं ते काडी म्हणायचा?"

"हो."

"आणि मी रोज चिमूट चिमूट वाढवत गेले. तुमच्या रक्तदाबाला बरंच झालं, तुम्ही खाल्लं नाहीत ते." तिनं उठून मिठाची बरणी मागे सरकवली. "मला का नाही सांगितलंत?"

"तुला वाटलं असतं, तुझ्या हातचं नको झालं."

"वाटलं असतं," ती म्हणाली. "दोन दिवस रडले असते, तिसऱ्या दिवशी भाजी चिरली असती. तुम्ही माझे ते दोन दिवस वाचवायला गेलात आणि त्या बिचाऱ्याला फुगवून ठेवलंत." मग तिला हसू आवरेना. "खरंच बटण लागत नाही त्याचं?"

"पोटावरचं. अजिबात."

बेकरीवाल्याची लेक शेवटी बेकरीवाल्याचीच. माल उरू नये असं वाटत असेल तर दुकान बंद करायचं नसतं, भट्टीत कमी घालायचं असतं, हे तिला कुणी शिकवायला नको होतं. सकाळी तिनं डब्याचा वरचा मजला काढून फडताळात ठेवला. खालच्या मजल्यांत दोघांचं मिळून जेवण भरलं. मोड आलेलं कडधान्य, पालेभाजी, वाफवलेलं गाजर-बीट, उकडलेली अंडी, मुठीएवढा भात. लोण्याचा हात फिरला, पण पाहुण्यासारखा, येऊन जाऊन.

"आणि त्याला सांगा, ते शिळ्या पावाचं बंद. रविवारी इकडेच जेवायला यायचं. गोड पाव रविवारी. एक."

"एक प्रत्येकी?"

"बघू."

पहिला आठवडा काडीला जड गेला. तो पालेभाजीकडे असं बघे, जणू ती त्याच्या वाट्याला चुकून आली. पण वहिनींना नाही म्हणायची त्याची छाती नव्हती, आणि हळूहळू त्याची भूकही ताळ्यावर आली. सदऱ्याचं बटण आधी ओढून लागलं, मग आपसूक.

महिना भरला. मुकादम खुर्ची टाकून बसला. बादल्या भरून आत आल्या. काडीनं बटण दाबलं, आणि दोघंही श्वास पोटात ओढून उभे राहिले, जणू त्यानं वजन कमी होतं.

पाळणा कुरकुरला आणि उचलला गेला. मजल्यामागून मजला खाली जात राहिला. मुकादमाची खुर्ची आगपेटीएवढी झाली. पिंपानं डावीकडून सुरुवात केली, काडीनं उजवीकडून. दुपारी दोघांचे हात मध्ये भेटले, तेव्हा काडीनं मागे रेलून बघितलं.

"जोड दिसतो का?" पिंपानं विचारलं.

"नाही."

दोघं गच्चीवर जाऊन सावलीत बसले. पिंपानं डबा उघडला. आत एकच चमचा होता.

"वहिनी विसरल्या," काडी म्हणाला.

"विसरली नाही. म्हणाली, एकानं घास चावून संपवायचा, मग चमचा दुसऱ्याला द्यायचा. बाईंचं म्हणणंच आहे, सावकाश खा."

काडीनं एक घास घेतला, चमचा दिला आणि हात मांडीवर ठेवून पिंपाच्या जबड्याकडे बघत राहिला.

"दादा."

"हं."

"गिळ आता."

"चावतोय," पिंप म्हणाला, आणि शहराकडे बघत आणखी थोडा वेळ चावत राहिला.