पुढची बाजू, मागची बाजू

आमचं घर दोन भावांत वाटलेलं आहे. कागदावर रस्त्याकडची पुढची बाजू दादाची, मागची माझी. प्रत्यक्षात पुढे मी राहतो आणि मागे दादा-वहिनी. अकरा वर्षांपूर्वी आम्ही आपापल्या खाटा उचलल्या आणि अदलाबदल केली. मला घड्याळदुरुस्तीच्या दुकानासाठी रस्ता हवा होता, दादाला झोपेसाठी शांतता. भावाभावांत कसला आलाय कागद!

मग दादानं 'आपली' बाजू बँकेकडे गहाण टाकली. त्याच्या मनात मागची, कागदावर पुढची. सही करताना चष्मा घरी विसरला होता म्हणे. हप्ते थकले आणि ताब्याची नोटीस येऊन चिकटली माझ्या दुकानाच्या दारावर. मी कोर्टात धाव घेतली. ताबा माझा, कर्ज माझं नाही, एवढंच माझं म्हणणं.

"अदलाबदल सिद्ध झाली तर दुकान वाचेल," वकीलबाई म्हणाल्या. "पण मग मागची बाजू भावाची ठरेल आणि बँक तिच्यावर येईल. सिद्ध नाही झाली तर दुकान गेलं, आणि मागची कागदाप्रमाणे तुमचीच."

"जिथं दादा राहतो ती?"

"तीच."

"मग त्याला बाहेर कोण काढणार?"

"तुम्ही. काढायचं असेल तर."

घरी येऊन मी हे सगळं पाठकोऱ्या कागदावर तीनदा मांडलं. तिन्ही वेळा शेवटी मीच माझ्याविरुद्ध उभा. डोक्याचा पार भुगा झाला.

ताबा नक्की कुणाचा, ते डोळ्यांनी पाहायला कोर्टानं एक कमिशनर नेमले. ते येणार त्या सकाळी मी सुटे भाग आणायला बाजारात गेलो. परत येतो तर दुकानात मधोमध दादाची खाट! वहिनी माझ्या कपड्यांचं गाठोडं घेऊन मागे निघालेली.

"हे काय चाललंय?"

"कागदाप्रमाणे करतोय," दादा म्हणाला. "पुढची लिहून दिलीय ना मी? मग पुढचीच जाऊ दे. माझी म्हणून जाईल. तुझं तुला राहील."

"आणि माझं दुकान?"

"मागे थाट."

"गिऱ्हाईक काय भिंतीतून येणार? आणि तू कुठं जाणार?"

यावर तो खाटेवर जाऊन बसला. त्याचा राग यावा की आपल्याला रडू यावं, मला कळेना. दोन्ही एकदमच आलं.

तेवढ्यात कमिशनर आले. काखेत फाइल, कपाळावर घाम. त्यांनी दादाला विचारलं, "इथं किती वर्षं राहता?"

"जन्मापासून," दादा म्हणाला. खोटं बोलायची सवय नसल्यानं त्याचे कान लालबुंद झाले. कमिशनर लिहू लागले.

आणि दहा वाजले. भिंतीवर दुरुस्तीला आलेली चौदा घड्याळं. कुठलंच दुसऱ्याशी जुळत नाही. एकामागून एक ठोके सुरू झाले तसा दादा खाटेवरून ताडकन उठला, दोन्ही कानांवर हात. मला तर ठोके पडताहेत हेही जाणवलं नव्हतं.

कमिशनरांचं पेन थांबलं. "जन्मापासून राहता आणि अजून दचकता?" मग ते माझ्याकडे वळले. "तुम्ही सांगा. इथं राहतं कोण?"

त्यांच्या पाठीमागून दादा मला मानेनं 'नको' म्हणत होता. खरं बोललो तर त्याची खोली जाते, खोटं बोललो तर माझं पोट. बरोबर काय, मला तेव्हाही उमगलं नाही आणि आजही नाही. एवढंच दिसलं की कुठलीही बाजू उरली तरी तिच्यात सगळ्यांच्या खाटा मावतील.

"मी राहतो. अकरा वर्षं. तो मागे राहतो." चोरी कबूल करावी तसा माझा आवाज निघाला.

कमिशनरांनी लिहून घेतलेल्या जबाबाखाली मी सही केली. दादानं चष्मा शोधला, दोनदा वाचलं आणि मग केली.

कमिशनर गेले तरी वहिनी गाठोडं धरून दारातच उभी. "मग आता हे कुठं ठेवू?"

"इथंच. आणि तुमचंही सगळं इकडेच आण."

मी स्टुलावर चढलो आणि एकेका घड्याळाचे ठोके बंद करू लागलो. चौथ्यापर्यंत पोचलो असेन.

"राहू दे रे चालू," खाटेवरून दादा म्हणाला. "सवय करून घ्यायला हवी."