टेलला सोडलेला वेळ

सोमवार, ४ मार्च २०२४. सकाळी गार वारा, दहानंतर ऊन, आभाळ स्वच्छ.

रोजनिशीत मी आधी हवा लिहितो, मग पाटाचे पाणी. देवळाली प्रवरेला आमचा तीन एकर ऊस आहे आणि त्या आठवड्यात धरणातून पाण्याचे आवर्तन सुटायचे होते, त्यामुळे पाणी वाटणारा पाटकरी पाण्याच्या मागणीचा सात नंबरचा अर्ज घेऊन आला तेव्हा मला नवल वाटले नाही. माणूस मात्र नवा होता.

जमीन माझ्या पत्नीच्या, विजयमालाच्या नावावर आहे, म्हणून खातेदार ती; पण अर्जावर तिची सही गेली वीस वर्षे मीच करत आलो आहे. आमच्या चारीवर, कालव्याच्या या लहान फाट्यावर, सगळ्याच घरांत नवरे करतात आणि पाटकरी तेवढ्यापुरते दुसरीकडे बघतात.

"टेलवाले लई बोंबलत्यात," तो म्हणाला. टेल म्हणजे चारीचे शेवटचे टोक, जिथे पोचेपर्यंत पाणी आटून जाते. "तुमी हेडवाले, चारीच्या तोंडाशी. झोपलात तरी भिजताय."

"कोण अडलंय एवढं?"

"एक बाई हाय, अंथरुणाला खिळलेली. तुमच्या खात्यातनं रोज थोडा वेळ सोडला तर तग धरंल."

"कुठल्या गावची?"

"गाव हेच. जग शेवटचं. समद्या जगांना वेळ एकाच धरणातनं जातोय. तिथवर पोचंस्तोवर आटतोय."

पाटकरी लोक गमतीने बोलतात, म्हणून मी हसलो. ज्याच्या घरात दुखणे आहे त्याला आपली पाळी सोडायची, ही आमच्याकडची रीतच आहे. थोडे पाणी खाली गेले तर ऊस काही वाळत नाही, असा विचार करून मी 'सौ. विजयमाला' अशी सही केली.

"किती सुटंल?"

"उद्या धा मिनिटं. म्होरं गरजेपरमानं."

मंगळवारी सकाळी नऊ वाजून वीस मिनिटांनी स्वयंपाकघरातून करपल्याचा वास आला. तव्यावर भाकरी जळत होती, परातीत पीठ मळलेले होते आणि विजयमाला नव्हती. परसात नव्हती, शेजारी छबूबाईंकडेही नव्हती. साडेनऊला मी परत आत गेलो तेव्हा ती चुलीपुढे बसलेली होती, हाताला ओले पीठ तसेच.

"आत्ता टाकली की हो," ती तव्याकडे बघत म्हणाली. "एवढ्यात कशी करपली?"

पाणी मात्र आमच्या दारेवर, चारीतून शेतात वळते तिथे, ठरल्या वेळी, ठरले तेवढे आले. एक मिनिटही कमी नव्हते.

त्यानंतर मी घड्याळ लावून लिहू लागलो. बुधवारी पंचवीस मिनिटे. शुक्रवारी एक तास दहा मिनिटे. तिला स्वतःला काही जाणवत नव्हते, फक्त धुणे वाळत घालता घालता एकदा म्हणाली, "दिवस लई लहान झाल्यात औंदा." मार्च चालू होता, दिवस वाढत होते.

बारा तारखेला मी तिला ओट्यावर बसवून सगळे सांगितले. तिने पदराने तोंड पुसले.

"आजारी बाईसाठीच ना? मी काय न्हाई म्हनले असते का? पन मला एकदा—"

ओटा रिकामा झाला. मी जागचा हललो नाही. ऊन ओट्यावरून भिंतीवर गेले, भिंतीवरून गेले, आणि पाच तास चाळीस मिनिटांनी तिचा आवाज आला.

"—इचारायचं तरी."

दुसऱ्या दिवशी पाटकरी दारेपाशी भेटला. मी त्याचे हात धरले. त्याने ते हळूच सोडवून घेतले.

"आवर्तन सुटलंय, काका. आता टेलवाल्यानं नको म्हनून लिहून दिलं तरच दार खाली येतंय. कागद द्या, पोचवतो."

मी चार ओळी लिहिल्या. सही खातेदाराची नाही, मी केली, तिला विचारले नव्हते, ती माझी पत्नी आहे, एवढेच. उत्तर आठ दिवसांनी आले. पाटकऱ्याने ते दिले आणि सगळे पाटकरी बघतात तसे दुसरीकडे बघितले.

'बुधवार, २० मार्च. रात्रीपासून भुरभुर पाऊस, हवा कुंद. पत्र मिळाले. विजयमाला आज आधार न घेता ओट्यापर्यंत आली आणि तिने स्वतःच्या हाताने चहा केला. नको असे लिहून देणे माझ्याने होणार नाही. तुमच्यानेही झाले नसते.'

अक्षर माझे होते. 'ळ'ची शेपटी मी जशी खाली ओढतो तशीच ओढलेली होती. मी कागद तीनदा वाचला आणि कोरा कागद घेऊन दुसरे पत्र लिहायला बसलो, पण त्याच्या जागी मी असतो तर काय वाचून ऐकले असते हे शोधत राहिलो, आणि तसे लिहिण्यासारखे काहीच नव्हते.

त्यानंतर ती जेव्हा असे तेव्हा मी शेतावर गेलो नाही.

शुक्रवार, २९ मार्च. कोरडी हवा. विजयमाला सकाळी ७.१० ते ७.५१ घरी.

शनिवार, ३० मार्च. कोरडी हवा, दुपारी वावटळ. विजयमाला ६.४१ ला आली, ६.४५ ला गेली. वेणी अर्धी घालून झाली होती.

रविवार, ३१ मार्च. हवा तशीच. आली नाही.