फरशीतलं वेटोळं

नागपंचमीला चिरायचं नाही, कापायचं नाही, चुलीवर तवासुद्धा ठेवायचा नाही, हे कुरकुंभच्या शेंबड्या पोरालाही ठाऊक. पण रतनबाईच्या लेकाला, हनुमंताला, कंपनीची सुट्टी नेमकी त्याच दिवशी मिळाली. बायकोचे दिवस भरायच्या आत घरातली फरशी पुरी करायची त्याला घाई. आई वारुळाला गेलेली बघून पठ्ठ्यानं फरशीला कटर लावलाच.

रतनबाई परतली तेव्हा दारात जैसलमेरच्या पिवळ्या दगडाची फरशी दोन तुकडे होऊन पडली होती. त्या दगडातच एक वेटोळं होतं. अंगावर पट्टे, आणि मधोमध आरपार चिरलेलं. तिच्या हातातलं पूजेचं ताट खाली पडलं.

"आई, नाग न्हाई गं त्यो. शंख हाय," हनुमंत म्हणाला. "दुकानदार सांगत हुता, तिकडं वाळवंटाच्या जागी लई पूर्वी समुद्र हुता. त्याच्या गाळाचा दगड झाला, आन् शंख-शिंपले आत ऱ्हायले." फोनवर तसलेच फोटोही त्यानं दाखवले.

आता असल्या फोटोंनी पोटुशी सून असलेल्या घरातली भीती जाते होय? रतनबाईनं तुकड्यांना हळद-कुंकू वाहिलं, नाक घासलं, आणि सुनेच्या देखत बोलू नये ते बोलून गेली.

"ह्या घरात काय वाईटवंगाळ झालं, तर त्ये तुझ्या हातानं झालं, हनुमंता. ध्यानात ठेव."

हनुमंताचं तोंड एवढंसं झालं. त्याच्या बायकोनं, प्रतिभानं, मान खाली घातली. आठवा महिना चालू होता तिला.

दुसऱ्या दिवशी हनुमंत ड्युटीवर गेला. दुपारी प्रतिभा जेवली नाही. डाव्या कुशीवर पडून पोट चाचपायची, साखरेचं पाणी प्यायची, परत चाचपायची. ते बघून रतनबाई तिच्या उशाशी येऊन बसली.

"काय गं?"

"काय न्हाई, आत्या."

"माझ्याकडं बघून सांग."

"बाळ हालत न्हाई. काल सांजच्यापासनं."

आधी भगताकडं न्यावं, असंच रतनबाईच्या मनात आलं, खोटं कशाला बोला. पण पोरीचे पांढरेफटक ओठ बघून तिनं तो विचार सोडला. तिनं शेजारच्या मल्हारीची रिक्षा बोलावली, वाटेत हनुमंताला फोन लावला, आणि दौंड गाठायला निघाली.

"काल का न्हाई बोललीस?" तिनं रिक्षात विचारलं.

"तुम्ही त्यास्नी जन्मभर बोल लावला असता," प्रतिभा म्हणाली. "म्हनलं, आत्ता हालंल, मग हालंल."

रतनबाईनं मल्हारीला रिक्षा जोरात घ्यायला सांगितली.

दवाखान्यात डॉक्टरीणबाई पोटावर मशीन फिरवत राहिल्या. कितीतरी वेळ नुसतीच खरखर. मग एक बारीक, अडखळता ठोका ऐकू आला.

"ठोके मंद आहेत. आत्ताच सिझर करावं लागेल," त्या म्हणाल्या. "कालच का नाही आणलं हिला?"

प्रतिभाला आत नेलं आणि दार लागलं.

हनुमंत कंपनीच्या कपड्यांतच पळत आला. आईसमोर उभा राहिला तो दोन्ही हात पाठीमागं धरून, चोरी केलेल्या पोरासारखा.

"आई, माझ्या हातानं झालं का गं?"

रतनबाईनं त्याचे हात ओढून आपल्या पदरात घेतले.

"न्हाई रे लेकरा. माझ्या तोंडानं झालं," ती म्हणाली. आत काय चाललंय कळत नव्हतं, आणि दाराकडं बघायची तिला हिंमत होईना.